'आधी अँटीव्हायरस बंद कर' म्हणणाऱ्यांनो

गेम चालत नाहीये? आधी अँटीव्हायरस बंद कर.

हे वाक्य मी पहिल्यांदा कधी ऐकलं ते आता आठवत नाही. नेटकॅफेवाल्या दादाकडून ऐकलं, हॉस्टेलवर ऐकलं, यूट्यूबवरच्या कित्येक व्हिडिओंत ऐकलं. गेम उघडत नसेल, अडकत असेल, सेव्ह होत नसेल, सर्व्हरला जोडला जात नसेल, उपाय एकच. डोकं दुखलं तरी तीच गोळी आणि पाय मुरगळला तरी तीच गोळी. आणि मी हे नुसतं ऐकलेलं नाही, वीस-पंचवीस जणांना ऐकवलेलंही आहे, मोठ्या आत्मविश्वासाने. त्यांचं पुढे काय झालं, हे मात्र मी कधी विचारलं नाही.

हा लेख त्या वाक्याच्या विरोधात आहे. पण अँटीव्हायरस कंपन्या म्हणजे संत आणि आपण गेम खेळणारे म्हणजे बेजबाबदार कार्टी, असं मला अजिबात म्हणायचं नाही. हे वाक्य आपल्या तोंडी बसलं याला अँटीव्हायरस बनवणारे जबाबदार आहेत, गेम बनवणारे आहेत, फुकटातले गेम वाटणारे आहेत. आणि चौथे आपण. चौघांशीही भांडायचं आहे. पण त्याआधी मी कुठून बोलतोय ते सांगतो.

२०२१ चा मे महिना. दुसऱ्या लाटेतला लॉकडाऊन. सांगलीतलं आमचं घर आणि हॉलमध्ये सगळ्यांत मिळून एक डेस्कटॉप. सकाळी त्यावर धाकट्या भावाची शाळा, दुपारी माझं इंजिनिअरिंगचं ऑनलाइन लेक्चर, संध्याकाळी बाबांच्या दुकानाचा हिशेब, आणि रात्री सगळे झोपले की आम्हा दोघांचे गेम. एक फुटबॉलचा गेम आम्हाला हवा होता. विकत घ्यायचा तर तीन-चार हजार. त्या महिन्यात दुकानाचं शटर अर्धंच उघडत होतं, त्यामुळे विचारायचा प्रश्नच नव्हता. दोन रात्री लावून रीपॅक उतरवला. सोबत एक टेक्स्ट फाइल होती. त्यात पहिलीच सूचना होती, की इन्स्टॉल करण्याआधी अँटीव्हायरस बंद करा, तो ही फाइल चुकून व्हायरस समजतो.

मी बंद केला. मला त्यात काही वावगं वाटलं नाही, कारण याआधी दहा वेळा केलं होतं आणि दहाही वेळा काही झालं नव्हतं.

थोड्या वेळाने विंडोज अपडेटची खिडकी आली. टक्के पुढे सरकत होते. भाऊ म्हणाला, "दादा, आत्ता कुठे अपडेट आलं?" मी म्हटलं, येऊ दे. ते अपडेट नव्हतंच. पडद्यावर खोटे टक्के मोजले जात असताना मागे एकेक फाइल कुलूपबंद होत होती. सकाळी प्रत्येक फोल्डरमध्ये एक चिठ्ठी होती. ९८० डॉलर द्या, ७२ तासांत संपर्क केलात तर निम्मे, ४९०. मदतीसाठी सुरक्षेच्या साइट्स उघडायला गेलो तर त्याही उघडेनात, कारण त्याने त्यांचेही रस्ते बंद करून ठेवले होते.

या रॅन्समवेअरचं नाव स्टॉप किंवा डीजेव्हीयू. जगभरात तो मुख्यतः आमच्यासारख्यांच्याच घरात शिरला. त्याचा रस्ता मोठ्या कंपन्यांच्या सर्व्हरमधून जात नव्हता, तो क्रॅक आणि की-जनरेटरमधून जात होता. फाइलचा सुरुवातीचा तुकडाच तो कुलूपबंद करतो, पण फोटो न उघडायला तेवढं पुरतं. एम्सिसॉफ्ट या कंपनीने २०१९ मध्ये त्याच्या जुन्या आवृत्त्यांसाठी फुकट उलगडणारं टूल काढलं होतं. आमच्याकडे आलेली आवृत्ती नवी होती.

बाबांचा हिशेब वहीतही होता, तो पुन्हा भरता आला. आजोबांचे फोटो मात्र फक्त तिथेच होते. आजोबा एप्रिलमध्ये गेले होते. आत्याने तिच्याकडचे सगळे जुने फोटो स्कॅन करून, "नीट ठेव रे," म्हणून माझ्याकडेच पाठवले होते. मूळ कागद त्याआधीच पुरात गेले होते, २०१९ च्या. बाबा मला रागावले नाहीत. चार-पाच दिवसांनी एकदाच विचारलं, "कधीतरी उघडतील ना ते?" मी हो म्हणालो. ती हार्ड डिस्क अजून माझ्या कपाटात आहे.

आता तुम्ही म्हणाल, चूक तुझी, चोरीचा माल घेतलास, भोग. मान्य. पण गोष्ट एवढ्यावर संपत नाही. क्रॅक उतरवणं ही एक चूक होती. दुसरी चूक ही, की पहारेकऱ्याला घरी पाठवायला सांगणारी चिठ्ठी खुद्द पाहुण्यानेच आणली होती आणि मला त्यात काहीही विचित्र वाटलं नाही. का वाटलं नाही? कारण तेच वाक्य मी विकत घेतलेल्या, अस्सल गेमच्या मदतपानांवरही वाचलं होतं. सगळेच सांगतात, मग चोर सांगतो तेव्हा ते वेगळं कसं ऐकू येणार?

आता गेम खेळणाऱ्यांची बाजू. ती खरी आहे आणि ती मांडल्याशिवाय हे भांडण प्रामाणिक होणार नाही.

अँटीव्हायरसचं मुख्य काम असं, की कुठलीही फाइल उघडली, लिहिली किंवा चालवली गेली, की मध्ये थांबून ती तपासायची. सोसायटीच्या गेटवरचा वॉचमन प्रत्येकाची नोंद वहीत करतो तसं. पाहुणे दोन-चार असतील तर कुणाला काही वाटत नाही. पण आजचे मोठे गेम शंभर जीबीच्या वर जातात, आणि एखादा गेम अपडेट होताना किंवा नवा नकाशा उघडताना हजारो फाइलींची एकदम ये-जा होते. लग्नाचं वऱ्हाड आलंय आणि वॉचमन प्रत्येक करवलीला फ्लॅट नंबर विचारतोय. एसएसडी आणि चांगला प्रोसेसर असेल तर हे जाणवतही नाही. पण जुनी हार्ड डिस्क, चार जीबी रॅम, भावाबहिणीत वाटून घेतलेला कॉम्प्युटर, अशा ठिकाणी जाणवतं. म्हणजे ज्याच्याकडे पैसे कमी, त्यालाच पहारा जास्त महाग पडतो.

दुसरी तक्रार खोट्या धरपकडीची. अँटीव्हायरस ओळखीच्या व्हायरसची यादी तर पाहतोच, पण अनोळखी फाइलच्या वागण्यावरून अंदाजही बांधतो. फाइल दाबून गुंडाळलेली आहे, आतला कोड मुद्दाम गोंधळवून ठेवलाय, ती दुसऱ्या प्रोग्रामच्या मेमरीत हात घालतेय, तिच्यावर कुणाची डिजिटल सही नाही, तर ती संशयित. अडचण अशी, की गेम हे सगळं करतातच. नक्कल होऊ नये म्हणून कोड गोंधळवतात. गेमवर दिसणारे चॅटचे ओव्हरले दुसऱ्या प्रोग्राममध्ये शिरतात. आणि घरात बसून एकट्याने गेम बनवणाऱ्या पोरापोरींना सहीच्या प्रमाणपत्रासाठी दरवर्षी पैसे मोजणं परवडत नाही. मग चोर सोडून संन्याशाला फाशी. गेमची एखादी फाइल गुपचूप क्वारंटाइनमध्ये जाते आणि आपण रात्रभर गेम पुन्हापुन्हा इन्स्टॉल करत बसतो.

तिसरी तक्रार मला स्वतःला सगळ्यात जास्त छळलेली. विंडोजमध्ये २०१७ पासून 'कंट्रोल्ड फोल्डर ॲक्सेस' नावाची सोय आहे. ती मुळात बंद असते. कुणी चालू केली, की डॉक्युमेंट्स, पिक्चर्स वगैरे फोल्डरमध्ये अनोळखी प्रोग्रामना लिहिता येत नाही. अनेक गेम सेव्ह फाइल नेमकी डॉक्युमेंट्समध्येच ठेवतात. म्हणजे तीन तास खेळा, बाहेर पडा, दुसऱ्या दिवशी पुन्हा पहिल्यापासून. या प्रकाराला वैतागून मी ती सोय २०२० मध्ये कायमची बंद केली होती.

हे पुन्हा एकदा वाचा. अनोळखी प्रोग्रामला फोटोंच्या फोल्डरमध्ये लिहू न देणारी सोय. मी ती एका सेव्ह फाइलपायी बंद केली. आणि समजा ती चालू असती, तरी त्या रात्री तिचा उपयोग झाला नसता, कारण रिअल-टाइम प्रोटेक्शन बंद केलं की तीही बंद पडते. म्हणजे 'अँटीव्हायरस बंद कर' म्हणताना आपण एक बटण दाबत नाही, एकावर एक उभ्या असलेल्या तीन-चार भिंती एकदम पाडतो.

ढेकूण मारायला घर जाळतात तसा हा प्रकार आहे. आणि वाईट याचं वाटतं, की ढेकूण मारायचं साधं औषध तिथेच ठेवलेलं होतं.

ते औषध म्हणजे सूट, एक्सक्लूजन. अँटीव्हायरस चालूच ठेवायचा आणि त्याला एवढंच सांगायचं, की हा एक फोल्डर सोड. विंडोजच्या स्वतःच्या डिफेंडरमध्ये विंडोज सिक्युरिटी उघडा, 'व्हायरस अँड थ्रेट प्रोटेक्शन', त्यात 'मॅनेज सेटिंग्ज', आणि खाली सरकत गेलात की 'एक्सक्लूजन्स'. तिथे गेमचा फोल्डर घाला. बाकी अँटीव्हायरसमध्येही वेगळ्या नावाने हीच सोय असते. सेव्ह होत नसेल तर 'रॅन्समवेअर प्रोटेक्शन'मध्ये जाऊन त्या एका गेमला परवानगी द्या, सगळी सोय बंद करू नका. फाइल क्वारंटाइनमध्ये गेली असेल तर आधी नाव वाचा, गेम अधिकृत ठिकाणाहून घेतलेला असेल तर ती परत आणा आणि स्टीमसारख्या लाँचरमधून फाइलींची पडताळणी चालवा. सामन्याच्या मध्येच स्कॅन सुरू होत असेल तर त्याची वेळ बदला. मध्येच खिडक्या येत असतील तर गेम मोड किंवा सायलेंट मोड शोधा. आणि एका मशीनवर दोन अँटीव्हायरस ठेवू नका. ते एकमेकांवरच संशय घेत बसतात आणि खेळ तुमचा खोळंबतो.

सूट देतानाही पथ्य आहे. सूट फक्त इन्स्टॉल झालेल्या गेमच्या फोल्डरला. डाउनलोड्सला नाही, अख्ख्या डी ड्राइव्हला तर नाहीच. कारण सूट दिलेल्या फोल्डरमध्ये उद्या जे काही येईल ते बिनतपासणीचं राहणार. म्हणून बाहेरून आणलेला मॉड आधी डाउनलोड्समध्येच तपासू द्या, मग आत न्या. आणि अधूनमधून ती यादी उघडून बघा. कित्येक व्हायरस आत शिरल्या शिरल्या स्वतःच्याच फोल्डरला सूट देऊन टाकतात. तुम्ही न घातलेलं नाव त्या यादीत दिसलं, तर समजा की कुणीतरी आत आहे.

झालं. पाच मिनिटांचं काम. मग 'बंद कर'ऐवजी हे कुणीच का सांगत नाही?

पहिला हिशेब अँटीव्हायरसवाल्यांशी. हा धंदा आपल्याला परका नाही. क्विक हील ही कंपनी पुण्यातली. कैलास काटकर यांचं कॅल्क्युलेटर आणि कॉम्प्युटर दुरुस्तीचं दुकान, त्यांचे भाऊ संजय काटकर यांनी नव्वदच्या दशकात लिहिलेलं सॉफ्टवेअर, तिथून ती सुरू झाली. दुरुस्तीला आलेल्या मशीनवर व्हायरस सापडायचा, म्हणून औषध शोधलं. अँटीव्हायरस म्हणजे मुळात दुरुस्तीवाल्याची मदत होती, आणि ती मोठी मदत होती.

पण जगभरात हा धंदा पुढे वेगळ्याच वाटेला गेला. चांगला पहारेकरी दिसत नाही, पण न दिसणाऱ्याला पुढच्या वर्षीचे पैसे कोण देणार? म्हणून तो सतत दिसत राहतो. अभिनंदन, आज इतके धोके अडवले. सावधान, तुमची मुदत संपतेय. तुमचा कॉम्प्युटर हळू झालाय, आमचं दुसरं प्रॉडक्ट घ्या. नवा लॅपटॉप घ्यावा तर त्यात आधीच एक चाचणी आवृत्ती येऊन बसलेली, घरचं झालं थोडं आणि व्याह्याने धाडलं घोडं. सूट देण्याची जागा मात्र चार पडद्यांच्या आत. आरडाओरडा समोर आणि उपाय तळघरात, तर माणूस जे बटण पटकन सापडतं तेच दाबणार ना?

शिवाय विश्वास कमवायचा असतो. अवास्ट या मोठ्या अँटीव्हायरस कंपनीची जम्पशॉट नावाची उपकंपनी लोकांच्या ब्राउझिंगची माहिती विकत होती. २०२० मध्ये बोभाटा झाल्यावर ती बंद करावी लागली आणि २०२४ मध्ये अमेरिकेच्या फेडरल ट्रेड कमिशनने १ कोटी ६५ लाख डॉलरचा भुर्दंड लावला. नॉर्टनने २०२१ मध्ये आपल्या अँटीव्हायरसमध्येच क्रिप्टो खणायची सोय आणली. ग्राहकाच्या संमतीने, पण १५ टक्के कमिशन कंपनीचं. ज्याने गेममध्ये अडथळा नको म्हणून सांगायचं, त्यानेच ग्राफिक्स कार्डाकडे कमाईचं साधन म्हणून बघावं? कुंपणच शेताकडे असं बघायला लागलं की शेतकरी कुंपण काढूनच टाकणार.

दुसरा हिशेब गेम कंपन्यांशी. यांच्या मदतपानांवर अँटीव्हायरस बंद करून बघा, ही ओळ वर्षानुवर्षं आहे. ती का आहे, ते उघड आहे. गेम बाजारात आणण्याआधी आपल्या फाइलींवर नीट सही करणं, अँटीव्हायरस कंपन्यांना आगाऊ कळवणं, सेव्ह फाइल कुठे ठेवायची याचा विचार करणं, याला वेळ आणि पैसा लागतो. 'तुम्ही बंद करा' सांगायला काही लागत नाही. त्यांचा खर्च वाचतो, आणि जोखीम आपल्या हॉलमधल्या डेस्कटॉपवर येते.

गंमत म्हणजे, आपला पहारेकरी हटवायला सांगणारे हेच लोक स्वतःचा पहारेकरी आपल्या घरात बसवतात. कर्नल म्हणजे ऑपरेटिंग सिस्टीमचा गाभारा. तिथे ज्याला प्रवेश, त्याला सगळं दिसतं आणि सगळं करता येतं. फसवून खेळणाऱ्यांना पकडायचं म्हणून अनेक गेम आपला अँटी-चीट ड्रायव्हर या गाभाऱ्यात ठेवतात. २०२० मध्ये व्हॅलोरंटसोबत आलेला व्हॅनगार्ड तर कॉम्प्युटर सुरू झाल्यापासूनच जागा असतो, तुम्ही खेळा किंवा न खेळा. ऑनलाइन खेळात चीटर नकोत हे मलाही पटतं. पण गाभाऱ्यातली चूक साधी नसते. २०१६ मध्ये कॅपकॉमने स्ट्रीट फायटर ५ च्या एका अपडेटमधून असा ड्रायव्हर दिला, की त्याच्या आधाराने कुठलाही प्रोग्राम थेट कर्नलमध्ये स्वतःचा कोड चालवू शकत होता. ओरड झाली आणि तो मागे घ्यावा लागला. २०२२ मध्ये ट्रेंड मायक्रोने दाखवून दिलं, की गेन्शिन इम्पॅक्टचा अँटी-चीट ड्रायव्हर रॅन्समवेअर टोळ्या सोबत घेऊन फिरतात आणि त्याच्या साहाय्याने अँटीव्हायरस ठार करतात. त्या मशीनवर तो गेम असायचीही गरज नाही. ड्रायव्हरवर अस्सल सही होती, म्हणून विंडोज त्याला आत घेत होतं.

आणि गाभाऱ्यात चांगल्या हेतूने बसलेलाही पडू शकतो. १९ जुलै २०२४ ला क्राउडस्ट्राइक या सुरक्षा कंपनीच्या एका सदोष अपडेटने सुमारे ८५ लाख विंडोज मशीन निळ्या पडद्यावर आणली. विमानं रखडली, आपल्याकडे विमानतळांवर हाताने लिहिलेले बोर्डिंग पास दिले गेले. म्हणून माझं म्हणणं सरळ आहे. गाभाऱ्यात जाणारा अँटीव्हायरस असो की अँटी-चीट, त्याने आधी मालकाला विचारलं पाहिजे, काय बघतो ते सांगितलं पाहिजे, आणि जा म्हटल्यावर गेलं पाहिजे. मालक म्हणजे मशीन विकत घेणारा. दोघांनाही सध्या याचा विसर पडलाय.

तिसरा हिशेब रीपॅकवाल्यांशी आणि त्यांच्या वतीने व्हिडिओ बनवणाऱ्यांशी. त्यांचं ठरलेलं वाक्य असतं, व्हायरस नाहीये भावा, फॉल्स पॉझिटिव्ह आहे. यातली खरी भानगड अशी, की हे वाक्य कधीकधी खरं असतं. क्रॅक म्हणजे गेमचं कुलूप तोडणारा कोड. तो निरुपद्रवी असला तरी अँटीव्हायरस त्याच्यावर शिक्का मारतो. म्हणजे लाल पडदा दोन्ही वेळेला येणार, चोर आला तरी आणि नुसता कुलूप तोडणारा आला तरी. आपल्याला फरक कळायचा काहीच मार्ग नाही, आणि सांगणाऱ्याला सगळं माफ. दहा वेळा खरं निघालेल्या त्या वाक्यानेच मला अकराव्या वेळी बुडवलं.

गेम महाग आहेत हे मला कुणी सांगायला नको. खिशात पाचशे रुपये असताना चार हजारांचा गेम समोर दिसणं काय असतं ते माहीत आहे. म्हणून मी नीतीचे धडे देणार नाही, हिशेब मांडतो. एपिक स्टोअर दर आठवड्याला गेम फुकट देतं. स्टीमच्या सेलमध्ये दोन-तीन वर्षं जुने गेम काही शेकड्यांत मिळतात. माझा 'फुकट' गेम मला किती रुपयांना पडला, ते मला आजही सांगता येत नाही.

शेवटचा हिशेब आपल्याशी, आणि तो जास्त अवघड आहे. कारण आपल्यातले काही म्हणतील, मी तर विकतच घेतो, मला कसली भीती? फेब्रुवारी २०२५ मध्ये खुद्द स्टीमवर पायरेटफाय नावाचा फुकट गेम आला होता. त्यात मालवेअर निघालं. व्हॉल्व्हने तो काढून टाकला आणि ज्यांनी चालवला होता त्यांना अँटीव्हायरसने पूर्ण तपासणी करा, गरज वाटल्यास विंडोज नव्याने टाका, असं कळवलं. जून २०२३ मध्ये माइनक्राफ्टच्या मॉड्समध्ये फ्रॅक्चरायझर नावाचं मालवेअर घुसलं, नावाजलेल्या मॉड साइट्सवरून. ते लॉगिन चोरत होतं. माइनक्राफ्टचे मॉड कोण टाकतं? पाचवी-सहावीतली पोरं, आईच्या लॅपटॉपवर. त्यांना बंद करायला कोणी शिकवलं? आपणच, मोठ्या दादांनी.

आणि हा लेख तुम्ही बहुतेक फोनवर वाचताय, तर तिथलंही बघा. मॉड एपीके, अमर्याद कॉइन्स, सगळी स्किन्स उघडी. सूचना क्रमांक एक, प्ले प्रोटेक्ट बंद करा. तेच वाक्य, फक्त पडदा लहान. फरक एवढाच, की माझ्या डेस्कटॉपवर आजोबांचे फोटो होते. तुमच्या फोनवर फोटो आहेत, यूपीआय आहे, बँकेचा ओटीपी येतो आणि आईबाबांचं आधारही कुठल्यातरी चॅटमध्ये पडलेलं असतं.

म्हणून माझी मागणी साधी आहे. गेम कंपन्यांनो, मदतपानावरून ती ओळ काढा आणि कुठल्या फोल्डरला सूट द्यायची ते नाव लिहा. अँटीव्हायरसवाल्यांनो, गेम अडवलात तर त्याच खिडकीत कारण सांगा आणि सूट द्यायचं बटणही तिथेच ठेवा. व्हिडिओ बनवणाऱ्यांनो, तुमच्या दहा मिनिटांतली दोन यासाठी द्या. आणि जो कुणी मित्र म्हणेल आधी अँटीव्हायरस बंद कर, त्याला विचारा, कशासाठी? नेमकी कुठली फाइल अडतेय? उत्तर आलं नाही, तर त्यालाही माहीत नाहीये. मलाही नव्हतं.

गेल्या महिन्यात भावाचा फोन आला. आता तो पुण्यात शिकतो, स्वतःचा लॅपटॉप आहे, गेम पैसे देऊन घेतलेला. "दादा, गेम सुरूच होत नाही. रूममेट म्हणतोय डिफेंडर बंद कर. करू का?"

मी म्हटलं, "बंद नको करू. क्वारंटाइन उघड, काय अडकलंय ते नाव वाचून दाखव."

एक डीएलएल अडकली होती. ती परत आणली, फोल्डरला सूट दिली, फाइली पडताळल्या. सात मिनिटं लागली. गेम सुरू झाला, आणि तो "ठेवतो" म्हणून मोकळा. मग दोन सेकंद थांबून म्हणाला, "दादा, ती हार्ड डिस्क आहे ना अजून?"

आहे म्हटलं. टाकलेली नाही.